गोकुलमच्या मॅडमचं मैदान

"एळम्मा, मेडम कूतकोळ्ळली."

ऊठ बाई, मॅडमना बसू दे. शिक्षण खात्याच्या ऑफिसात साहेबांनी मला असं खुर्चीवरून उठवलं. माझी फाईल त्यांच्या टेबलावर उघडी होती, बोलणं अर्धवट होतं. मी उठले. पर्स छातीशी धरून भिंतीला टेकून उभी राहिले. मॅडम बसल्या. त्यांच्यासाठी कॉफी आली.

त्यांच्या शाळेचं काम हसतखेळत झालं. त्या बसल्या असतानाच साहेब माझ्याकडे वळले. "ग्राउंड एल्ली?" मैदान कुठाय? मी म्हटलं, आमच्या गल्लीच्या मागं महापालिकेचं मैदान आहे, मुलं तिथं खेळतील. साहेब हसले. कन्नडमध्येच म्हणाले, "शाळा म्हणजे काय चहाची टपरी आहे, कुठल्याही गल्लीत काढायला? त्या भागात आहेत तेवढ्या शाळा पुरे. नर्सरी चालवता ना, तेवढीच चालवा." बोलले मला, बघत होते मॅडमकडे. मॅडमही हसल्या. ते हसू मी घरी घेऊन आले.

आम्ही लष्कर मोहल्ल्यातले. रंगारी. म्हैसूरला येऊन किती पिढ्या झाल्या ते घरात कुणालाच धड सांगता येत नाही. आजोबा ज्या खोल्यांत साड्या रंगवायचे, त्याच खोल्यांत मी बालवाडी चालवते. बी.एड. केलंय. शिंप्यांची, मेकॅनिकांची, फुलं विकणाऱ्या बायकांची मुलं येतात. त्यांच्या आयांचं एकच म्हणणं, टीचर, पहिली काढा. त्या पहिलीसाठी मान्यता हवी होती. माझ्या शाळेला, तिच्या नावानं.

बाहेर जिन्यात मॅडमनी मला गाठलं. फाईलवरचं आडनाव त्यांनी वाचलं होतं.

"अय्या, तुम्ही मराठी?"

"हो मॅडम. घरात मराठीच बोलतो आम्ही, अष्टे." इतकंच, असं म्हणायचं होतं, तोंडात कन्नड आलं.

"किती क्यूट बोलता! आणि रंगारी म्हणजे कपडे रंगवणारे ना? मग आमच्या मुलांसाठी एक टाय-अँड-डायचा वर्कशॉप घ्याच तुम्ही."

बी.एड. झालेल्या बाईला कपडे रंगवायला बोलावलं. आणि मी हो म्हटलं. कारण मला तिची शाळा बघायची होती.

बघितली. म्हैसूरच्या गोकुलम भागातला बंगला. बुटकी लाकडी टेबलं, मुलांच्या उंचीची बेसिनं, पुस्तकांसाठी वेगळी खोली, तीत गालिचा. माझ्या पोटात दुखायला लागलं. नवऱ्याच्या कंपनीबरोबर ही बाई काही वर्षांपूर्वी पुण्याहून आली. विजयनगरच्या वस्तीत घर, गोकुलमला शाळा. मी इथंच जन्मले आणि महापालिकेच्या मैदानाचं नाव घेतलं तर लोक हसतात. मला तिच्या टेबलांचा हेवा वाटला. दारातल्या पायपुसण्याचा वाटला. तिच्या स्वच्छ, न अडखळणाऱ्या मराठीचासुद्धा वाटला. मी मुलांचे रुमाल निळ्या रंगात बुडवत होते आणि आतून जळत होते.

नंतर तिनं मला केबिनमध्ये बसवलं.

"सरळच सांगते. तुम्हाला मान्यता मिळणार नाही. तुमच्या मुलांची नावं आमच्या पटावर घालू. बसतील तुमच्याकडेच, दाखला आमचा. तुमची जागा आमचं सेंटर, तुम्ही तिथल्या को-ऑर्डिनेटर. कटकटच नको."

असं चालतं. मूल एका शाळेत बसतं, नाव दुसऱ्या शाळेत असतं. मोह झाला मला. पहिली सुरू झाली असती. पण पोटातली आग गप्प बसू देईना. मी विचारलं, "सुम्ने, सहज विचारते मॅडम, तुमचं ग्राउंड कुठं?"

"ते काय, समोरचं पार्क. साहेबांनी तेच धरलं ग्राउंड म्हणून."

खिडकीतून दिसत होतं. पार्क महापालिकेचं. माझं मैदानही महापालिकेचं. आपला तो बाब्या, दुसऱ्याचं ते कार्टं.

"बेडा मॅडम," मी म्हटलं. "नको. माझी मुलं माझ्या शाळेच्या नावानंच शिकतील."

"बघा बुवा. मी तुमच्या भल्याचं सांगत होते," ती म्हणाली. आवाजातली साखर संपली होती.

शबाना माझ्या बालवाडीतल्या एका मुलीची आई. वकिली करते. तिला सगळं सांगितलं. तोवर मी समजत होते, मान्यता म्हणजे साहेबांनी खूश होऊन द्यायची भीक. शबाना म्हणाली, "टीचर, शाळा काढणं हा घटनेनं दिलेला हक्क आहे. सरकार अटी घालू शकतं, घालायलाच पाहिजेत. शिकलेले शिक्षक, पक्की इमारत, संडास, आग लागली तर बाहेर पडायची वाट. पण अट कायद्यात पाहिजे, वाजवी पाहिजे, सगळ्यांना सारखी पाहिजे. साहेबांच्या मनातली अट चालत नाही. नाकारायचं तर तुमचं ऐकून घेऊन, कारण लिहून." मग माझ्याकडेच बोट करून, "आणि तुमचा जिना अरुंद आहे. तो आधी रुंद करा. त्यावरून कुणी अडवलं तर मी तुमच्या बाजूनं नाही." राग आला मला. पण जिना तोडून रुंद करून घेतला.

मग साहेबांकडे गेले. म्हटलं, नाही म्हणायचं तर कारणासकट लिहून द्या.

"लिहून? कोर्टात जाणार काय?"

"हो."

त्यांनी लिहून दिलं नाही. मी कोर्टात गेले.

काही आयांनी तोवर मुलं काढून नेली. त्यातली दोन मॅडमच्या शाळेत गेली, ते मला फार लागलं. राहिलेल्यांना मी स्पष्ट सांगितलंय. मान्यता येईपर्यंत पहिली भरणार नाही, आणि दुसऱ्याच्या पटावर तर कधीच नाही.

याचिका लिहिताना मॅडमच्या शाळेचं नाव घालायचं का, शबानानं विचारलं होतं. "ती बाई तुमच्यावर उलटेल. सगळ्या शहरात तिची ओळख आहे."

मी म्हटलं, घाल. तिच्या पार्कचंही घाल.

तिची मान्यता काढून घ्या, असं मी मागितलेलं नाही. हेवा अजून आहे. गोकुलमवरून बस जाते तेव्हा मान वळतेच. पण आता मला तिच्यासारखं व्हायचं नाही, तिच्या हाताखाली तर नाहीच. जे तिला चाललं ते मला का चालत नाही, याचं उत्तर सरकारनं न्यायाधीशांसमोर द्यायचं. ते मिळेपर्यंत मी केस मागं घेणार नाही.