फुवांच्या सरबतातलं मीठ

लिंबाच्या सरबताचा शोध लागला तो तहान भागवायला नव्हे, तर आमच्या फुवांना बोलायला विषय मिळावा म्हणून, असं माझं ठाम मत आहे. फुवा म्हणजे आत्याचे यजमान. आमच्या शहाद्याकडे आत्याला फुई म्हणतात. उन्हातून आलेल्या पाहुण्याच्या हाती फुवा ग्लास देत, पण त्यावर आपला पंजा तसाच ठेवून आधी सरबताचा इतिहास सांगत. सरबत इराणहून निघालं, जहाजाने सुरतेला उतरलं, तिथून उंटावर बसून नवापूरमार्गे इकडे आलं, आणि तापीकाठचं कागदी लिंबू भेटलं तेव्हा कुठे त्याला चव आली! याला पुरावा काय, असं एका मास्तरांनी विचारलं. त्यांना साध्या पाण्यावर परत जावं लागलं.

पण सरबत करावं ते फुवांनीच. लिंबू ओट्यावर तळव्याखाली लोळवायचं आणि एकदाच पिळायचं. दुसऱ्यांदा पिळलं की साल रागावते आणि रस कडू होतो, हे त्यांचं शास्त्र. पाक चुलीवर करणं त्यांच्या लेखी पाप. रस आणि साखर काचेच्या बरणीत भरायची, तोंडाला फडकं बांधायचं आणि गच्चीवर उन्हानेच साखर विरघळू द्यायची. राखणीला शेजारी छत्री घेऊन स्वतः बसायचं. एकदा शेजारणीने दोरीवर साडी वाळत घातली, तर फुवा ओरडले, "ओ ताई, तुन्ही साडीनी सावली मन्ही बरणीवर पडी ऱ्हायनी!" बिचारी ओली साडी तशीच उचलून घेऊन गेली.

डॉक्टरांनी साखर बंद केल्यापासून फुवांनी स्वतः थेंबही चाखला नाही. चव बघायची फुईने. बरणी उघडली की पहिला ग्लास तिचा. ती एक घोट घ्यायची, पदराने ओठ टिपायची आणि दर उन्हाळ्यात एकच निकाल द्यायची, "मीठ कमी शे." फुवा भडकायचे, "तुन्ही जीभच खारी शे!" म्हणायचे आणि चिमूटभर मीठ घालायचे. त्यानंतरच बाकीच्यांना सरबत मिळायचं.

गेल्या थंडीत फुई गेली. या उन्हाळ्यात फुवांनी सवयीने बरणी भरली, उन्हात ठेवली, घरात आणली, पण उघडेनात. सून सांगून थकली. मी गेलो तेव्हा हट्टच धरला. त्यांनी मुकाट्याने सरबत करून दिलं. ग्लासावर पंजा नाही, इराण नाही, उंट नाही. मला फार वाईट वाटलं. मी घोट घेतला आणि मनापासून म्हणालो, "फुवा, एकदम मस्त!"

"बरं," म्हणाले आणि बरणीला पुन्हा फडकं बांधायला लागले.

मी आणखी एक घोट घेतला. म्हटलं, "फुवा, मीठ कमी शे."

त्यांचे हात थांबले. मग एकदम भडकून म्हणाले, "तुमना घरना लोकेस्नी जीभच खारी शे!" आणि डोळे पुसत मीठ आणायला उठले.

मीठ अगदी बरोबर होतं. आता सरबत खारट होणार हेही मला ठाऊक होतं. चिमूट टाकून, ढवळून त्यांनी ग्लास माझ्या हाती दिला, त्यावर आपला पंजा ठेवला आणि सरबत पुन्हा इराणहून निघालं.