मेणातला दात

गल्लीत त्याला सगळे कवळीवाला म्हणत. दातांच्या डॉक्टरांकडून मापं यायची आणि हा मागच्या खोलीत बसून कवळ्या घडवायचा. हात मोठा सफाईदार. पण प्रत्येक कवळीत एखादा दात किंचित तिरका, एखादा जरासा पिवळट, अशी खोट मुद्दाम ठेवायचा. सगळे सरळ बसवले की लगेच नकली वाटतात, म्हणायचा.

आईची कवळी करताना मात्र पठ्ठ्याने एकही खोट ठेवली नाही. आईचे दात कसे एका रांगेत, त्याला पक्कं आठवत होतं.

आईने कवळी लावली, आरशात पाहिलं आणि काढून पेल्यात ठेवली. बिनदातांच्या तोंडाने चारचौघांत खायची तिला लाज वाटे, म्हणून ती एकटीच खोलीत जेवायची. ते तसंच चालू राहिलं.

"बोचते का?"

"नाही."

"सैल होते?"

"नाही रे. आरशात कोण बाई दिसते, कुणास ठाऊक."

आता घोडं अडलंय कुठे? त्याने कवळी तीनदा घासली, पुन्हा पुन्हा चाचपली. डोकं भणभणलं. शेवटी बहिणीला फोन केला.

"अरे, आईचा पुढचा दात शेजारच्यावर चढलेला होता," ताई म्हणाली. "जगाच्या कवळ्या करतोस आणि आईचे दात पाहिले नाहीस?"

छे, असं कसं होईल? त्याने जुने फोटो उपसले. एकाही फोटोत आईचं तोंड उघडं नव्हतं. पक्कं आठवत होतं म्हणे, आठवत होतं कपाळ!

मग त्याने नवे दात मऊ मेणात बसवले आणि आईच्या हातात दिले. आईने अंगठ्याने पुढचा दात हळूच ढकलला, तोंडात लावून आरशात पाहिलं. "अजून जरा," म्हणाली आणि पुन्हा ढकलला.

आठवड्याने पक्की कवळी लावून ती सगळ्यांबरोबर जेवायला बसली. सून काहीतरी बोलली आणि आई तोंडभर हसली. हा बघतच राहिला.

"एवढी वर्षं मला हा दात दिसला कसा नाही?"

"चार वर्षांचा होतास," आई म्हणाली. "पाहुण्यांसमोर म्हणालास, आईचा दात घाणेरडा आहे. सगळे हसले. तेव्हापासून तू समोर असलास की मी ओठ मिटूनच हसायचे. दात गेल्यावर कळलं, मला तो हवा होता."

त्याला यातलं काही म्हणजे काही आठवेना. आई मात्र सुनेकडे दुसऱ्यांदा भाजी मागत होती.