‘बोट गेलं’ हे ऐकून न घेणाऱ्या वसुधाताई

वसुधाताईंची आणि माझी ओळख ओरडा खाऊनच झाली. मी ध्वनिमुद्रक. त्यांच्या माहितीपटासाठी निवेदनाचा मसुदा लिहून मालाडहून विलेपार्ल्याला त्यांच्या घरी गेलो आणि ऐटीत वाचू लागलो, “पत्रा कापायच्या प्रेसवर काम करताना कामगाराचं बोट गेलं.” ताईंनी चष्मा काढला.

“कुठे गेलं रे? फिरायला? कुणी नेलं ते लिही.”

कारखान्यांतल्या अपघातांवर आयुष्यभर माहितीपट करणाऱ्या आमच्या ताई आता पंचाहत्तरी पूर्ण करत आहेत. त्यांच्या शिस्तीचा आम्हां सहकाऱ्यांना भरपूर जाच झाला. घाटकोपरला एका इमारतीच्या कामावर मी चपला घालून गेलो, तर त्यांनी शूटिंगच थांबवलं. “खिळा घुसला तर तुझ्या आईला काय सांगू?” म्हणत बाजारात नेलं, स्वतः बूट घेऊन दिले. बूट चावत होते, पण तसं सांगायची माझी काय बिशाद!

अंधेरीच्या एका कारखान्यात माल भराभर निघावा म्हणून प्रेसची संरक्षक जाळी काढून ठेवली होती. तिथे रमाकांत या कोकणातल्या कामगाराचं बोट तुटलं. मालकांनी त्यांच्यावरच निष्काळजीपणाचा ठपका ठेवला आणि नोकरीवरून काढायचं ठरवलं. रमाकांतही खाली मान घालून म्हणत, “बोट गेला. नशीब माझा.” ताई कॅमेरा न घेता त्यांच्या घरी जात राहिल्या, चहा पीत राहिल्या. शेवटी रमाकांतच म्हणाले, “ताई, आता कॅमेरो लावा.” आणि कॅमेऱ्यासमोर ताठ बसून बोलले, “माझा बोट गेला नाय. जाळी काढलेली, म्हणान मशीनीन तोडल्यान.”

फिल्म आधी कामगारांना दाखवायची, हा ताईंचा नियम. त्यांनी हट्टाने ती कारखान्याच्या कॅन्टीनमध्येच दाखवली. मालक पहिल्या रांगेत बसले होते. रमाकांतांचं वाक्य संपलं आणि मागून कुणीतरी उठलं, “साहेब, माझ्या मशीनची पण जाळी काढलीय.” मग दुसरा उठला, तिसरा उठला. त्या दुपारी मला ताईंचा जो अभिमान वाटला, तो आजही तसाच आहे. ठपका मागे घेतला गेला, सगळ्या जाळ्या परत बसल्या. रमाकांत त्याच कारखान्यातून हार घालून, मानाने निवृत्त झाले.

ताई, तुमची तब्येत ठणठणीत राहो, आवाजाची धार अशीच राहो. आणि तुम्हांला इतकं उदंड आयुष्य मिळो, की एक दिवस तुमच्या कॅमेऱ्याला विषयच उरू नये.