बेनोनी नावाची खात्री

नागसेन हथखोजच्या कारखान्यात क्रेन चालवायचा. हुकाला लागलेलं वजन तो आधी वीतभर उचलून थांबवी, ब्रेक धरतोय ना ते पाही, मगच वर नेई. घरीही तोच खाक्या. दूधवाल्याच्या दुधावर याचा विश्वास नाही, मुहूर्तावर तर नाहीच नाही. कुणी अपशकुन म्हटलं की हा पोट धरून हसे.

आणि एवढा चिकित्सक गडी पोराच्या नावापाशी गाफील राहिला! नावावरून शाळेत कुणी जात हुडकू नये, म्हणून बायकोनं, मोनालीनं, मोबाईलवरच्या हिब्रू नावांतून 'बेनोनी' निवडलं होतं. नावापुढे अर्थ दिला होता, आनंदाचा पुत्र. नागसेननं खात्री केली नाही. बाळ झाल्याबरोबर सगळ्या नातेवाइकांना नाव कळवून मोकळा झाला.

थोड्याच वेळात मोनालीचा रक्तस्राव थांबेना, म्हणून तिला पुन्हा ऑपरेशनच्या खोलीत नेलं.

बाहेर बाळाला धरून बसलेल्या नागसेनला दवाखान्यातल्या केरळच्या लिसी सिस्टरनं सहज नाव विचारलं. ऐकून तिचा चेहराच उतरला.

"ये नाम किसने बताया, भैया?"

तिच्या धर्मातल्या एका जुन्या गोष्टीत, बाळंतपणात मरता मरता एका आईनं हे नाव ठेवलं होतं. अर्थ, माझ्या दुःखाचा पुत्र. पुढे बापानं ते बदललं. सांगून झाल्यावर सिस्टरनं जीभ चावली, पण तोवर नागसेननं मोबाईल काढला होता.

त्यानं नावाचा अर्थ शोधला. एका ठिकाणी आनंद, बाकी सगळीकडे दुःख. नावानं कुणाचं रक्त वाहत नाही, हे त्याला पक्कं ठाऊक होतं. तरी आतलं दार हललं की तो उठून उभा राही. आपणच हे नाव गावभर केलं, आपणच तिला मारलं, असं वाटून तो हादरून गेला. निरोप खोडायला गेला, तर सासरे पंजाबराव नागपुरात पेढे वाटत असल्याचा फोटो आलेला.

"मोनाली के साथ कौन है?" आतून एका नर्सनं विचारलं.

नागसेननं बाळ लिसी सिस्टरच्या हाती दिलं. कसाबसा आत गेला. ती पांढरीफटक पडली होती, पण जागी होती.

"बेनोनी कुठं हाये?"

त्यानं रडत रडत सगळं सांगून टाकलं. मोनालीनं डोळे मिटले. नागसेन सिस्टरला हाक मारणार, तोच ती बोलली.

"त्या पोराची माय गेली, म्हणून बापाले नाव बदलवा लागलं ना?"

"हो."

"मी तं हाओ. आन त्याले इकडं. मीच त्याचं नाव बदलवतो."