कापलेली नऊ मिनिटं

देश नवा होता आणि त्या शहरातला सिनेमा त्याहून नवा. अख्ख्या शहरात कॅमेरा एकच, तोही सरकारी खात्याच्या हातापाया पडून मागून आणायचा. अशा दिवसांत अण्णांनी पहिला सिनेमा काढला. दिग्दर्शक तेच, निर्माते तेच, आणि शूटिंगच्या मध्ये येणारी कुत्री हाकलणारेही तेच. हौसेला मोल नाही म्हणतात ते काही उगाच नाही. नायिकेचं काम करायला एकही बाई तयार होईना, तेव्हा बायको म्हणाली, मी उभी राहते, फक्त मला हसू नकोस म्हणू नका. तिला हसू आवरायचंच नाही.

सिनेमा चालला. त्या जोरावर अण्णांनी आणखी दोन काढले, ते असे सपाटून आपटले की थिएटरवाले अण्णांना लांबून बघून दार लावून घ्यायला लागले. त्याच साली बायको गेली, चार दिवसांच्या तापानं. लेक तेव्हा दीड वर्षाची. पुढची तीस वर्षं अण्णांनी दुसऱ्यांच्या लग्नांचं शूटिंग केलं, आणि कुणी दिग्दर्शक म्हटलंच तर खोकल्याचं निमित्त करून विषय बदलला.

लेकीनं आई पाहिली ती एका फोटोत, आणि त्यातही आईची मान खाली. आई हसायची कशी, हा तिचा लहानपणापासूनचा प्रश्न. अण्णा म्हणायचे, सिनेमात आहे ना, दाखवतो तुला. बिचारे खोटं बोलत नव्हते. पण प्रिंटा गावोगाव फिरून फाटल्या, आणि गोदामातले मूळ निगेटिव्हचे डबे उघडले तर भसकन आंबट वास आला. फिल्म चिकटून चिकटून तिचा पार दगड झाला होता. अण्णा हमालांसमोर मोठ्यानं रडले.

अण्णांनी सत्तरी ओलांडली आणि एक दिवस सेन्सॉरच्या कचेरीतून फोन आला. कचेरी नव्या इमारतीत हलत होती, तेव्हा कपाटाच्या तळाशी त्यांच्या पहिल्या सिनेमाचा एक डबा सापडला होता, आणि आतली फिल्म शाबूत होती. आता बोला! लेक शाळेत शिकवायची, तिनं रजा टाकली. अण्णांनी गुळगुळीत दाढी केली, इस्त्रीचा शर्ट घातला आणि रिक्षात बसल्यापासून तिचा हात सोडला नाही.

कचेरीतला कारकून भला माणूस. त्यानं आधीच सांगून टाकलं की हा पूर्ण सिनेमा नाही, त्या वेळी सेन्सॉरनं कापून काढलेले तुकडे आहेत, सगळे मिळून नऊ मिनिटांचे. अण्णा म्हणाले, चालेल, चालेल. बारक्या खोलीत अंधार झाला. पडद्यावर दारुडे आले, मारामारी आली, हवालदाराला शिव्या घालणारा म्हातारा आला, पुन्हा दारुडे आले. लेक खुर्चीच्या टोकावर येऊन बसली होती. दर तुकड्याला विचारायची, आता? अण्णा म्हणायचे, आता येईल. नऊ मिनिटं संपली, दिवे लागले, आणि आई आली नव्हती.

लेकीनं कारकुनाला विचारलं, आणखी एखादा डबा असेल का. त्यानं जुनी फाईल उघडली. कापायच्या यादीत नायिकेचे हसण्याचे चार प्रसंगही होते, पुढे ‘थिल्लर’ असा शेरा. खाली अण्णांच्या अक्षरातलं पत्र. बाकी काय हवं ते कापा, तिच्या हसण्याला हात लावाल तर सिनेमा परत घेतो. त्यासाठी अण्णांनी तीन आठवडे याच कचेरीचे उंबरठे झिजवले होते, साहेबांशी घसा बसेस्तोवर भांडले होते आणि ते चारही प्रसंग सोडवून आणले होते. आयुष्यात जिंकलेली तेवढीच एक लढाई. डबा सापडल्याच्या आनंदात त्या जिंकण्याचा अर्थ त्यांच्या ध्यानीमनीही आला नव्हता.

“तिची एक फूट फिल्मही कापू दिली नाही मी,” अण्णा म्हणाले.

लेक पांढऱ्या पडद्याकडे बघत होती.

“थोडं तरी कापू द्यायचं होतंत, बाबा.”