कापसाचा बोळा

सिंधूताई छायाची थोरली नणंद. चाळीसेक वर्षांपूर्वी खामगावात चार पोरींचा रॉक बँड होता, त्यात त्या इलेक्ट्रिक गिटार वाजवायच्या. यास्मीन ड्रमवर. लोक म्हणायचे, 'ऑर्केस्ट्रातल्या पोरी.' मग लग्न झालं, नवरा गेला, ताई नांदुऱ्याला भावाकडे परतल्या. गिटार मधेच कुठेतरी राहिली. आता बोटं वळत नाहीत. मेथी निवडतात, तीही सावकाश.

त्यांचं नाव जपायचं काम छायाच्या गळ्यात पडलं होतं. भाकरी, धुणं, सासऱ्यांच्या गोळ्या आणि वर हे. जिल्ह्यातल्या जुन्या बँडांवरच्या पुस्तकात चौघींचा फोटो छापून आला, खाली लिहिलं होतं, 'समूहनृत्य.' छायाने प्रकाशकांना फोन केले. "पुढच्या आवृत्तीत बघू," म्हणाले. पुढची आवृत्ती काही निघाली नाही.

आता अकोल्याची योगिनी बायकांच्या रॉक बँडांचं वाजवणं गोळा करत होती. फोटो नको, आवाज हवा, म्हणाली. तो उरला होता एकाच कॅसेटमध्ये. यास्मीनने मरायच्या आधी पाठवलेली. त्यावर कुणी दुसरं काही भरू नये म्हणून पाठीवरचे प्लास्टिकचे दात तिने मोडून टाकले होते. रेडिओ दुरुस्तीवाल्या मोईजने जुन्या टेपरेकॉर्डरला नवा पट्टा बसवून दिला. छायाने हात पुसून बटण दाबलं.

"ए वांगेऽऽ! मेथी घ्याऽ, सांबाराची जुडी घ्याऽऽ!"

आवाज इंद्रभानचा, छायाच्या नवऱ्याचा. भाजीच्या गाडीवर भोंगा लावून वांगी, मेथी, कोथिंबीर विकायचा, तेव्हाचा.

छायाने कॅसेट काढून पाहिली. मोडलेल्या दाताच्या भोकात कापसाचा बोळा ठासलेला. भोक बुजवलं की टेप पुन्हा भरता येते, हे त्याला बरोबर ठाऊक होतं.

"अहो, हा कापूस डोक्यातलाच काढून घातला होता का?"

"मले काय मालूम त्यात काय हाय! अन् चिल्लावून काऊन राह्यली? तो सांबार इकूनच घर चाललं."

"राहू दे वं छाया," सिंधूताई म्हणाल्या. मान वर न करता. "ओरडते बरा."

छायाने कॅसेट परत घातली, भाकरी थापायला बसली. वांगे, मेथी, सांबार. वांगे, मेथी, सांबार. उठून बंद करायचंही तिच्या जिवावर आलं होतं.

मग टेपमधला इंद्रभान खोकला आणि खटका वाजला. लगेच ड्रम. त्यावर गिटार, धारदार, वर वर चढत गेलेली, आणि मागून यास्मीनची आरोळी, "सिंधू, रुकू नको!" पट्टी संपली.

तव्यावरची भाकरी करपली.

"शेवटाले मी चुकली होती," सिंधूताई म्हणाल्या. "ऐकलं? नेमकी चूक राह्यली."

छायाने सेफ्टीपिनने कापूस उकरून काढला, पट्टी मागे घेतली, मोबाईल टेपजवळ ठेवला. योगिनीला लिहिलं: गिटार सिंधू, ड्रम यास्मीन. नाचत कोणीच नाही.

मग इंद्रभानकडे वळून म्हणाली, "आता तरी खोकू नका."