दुसऱ्यांदा उडताना

बदलापूरला आमच्या इमारतीसमोर नवा टॉवर उठतो आहे. काल सकाळी तिथल्या क्रेनची पोलादी तार ताणली गेली, तिच्यातून एक बारीक, शिणलेला सूर निघाला आणि वाऱ्याबरोबर ग्रीसचा वास गॅलरीपर्यंत आला. मी कुंड्यांना पाणी घालत होते. हात तसाच राहिला, आणि तळपायांपासून पोटापर्यंत काहीतरी थंडगार सरकत गेलं. तीसेक वर्षं उलटली, पण मन ज्याच्याशी कधीच समझोता करून बसलं आहे, ते शरीर काही सोडत नाही.

तेव्हा मी उल्हासनगरच्या कॉलेजात होते आणि छात्रसेनेच्या हवाई तुकडीत नाव घातलं होतं. उडण्याची ओढ वगैरे काही नव्हती. निळसर गणवेश आवडला होता, आणि परेडनंतरची गरम पुरीभाजी. हिवाळ्यात तुकडीचं ग्लायडरचं शिबिर लागलं, तेही आमच्या अंबरनाथच्या घरापासून सायकलच्या अंतरावर, महायुद्धापासून पडून असलेल्या एका धावपट्टीवर. संमतिपत्रावर वडिलांची सही हवी होती. बाबा केमिकल कंपनीत फिटर. आमच्या घराण्यात मॅट्रिकपर्यंत पोचलेले ते पहिलेच, त्यामुळे हाती आलेला कागद शेवटच्या ओळीपर्यंत वाचायचा हा त्यांचा नेम. जिवाच्या जबाबदारीची ओळ आली तिथे त्यांचं बोट बराच वेळ थांबलं. मग सही करून ते हळूच म्हणाले, "आईला एवढंच सांग, शिबिर आहे."

ग्लायडरला इंजिन नसतं. पट्टीच्या दुसऱ्या टोकाला विंच नावाचं यंत्र असतं. ते लांबलचक तार गरागरा गुंडाळून घेतं, आणि त्या तारेला अडकवलेलं ग्लायडर पतंगासारखं वर चढतं. पुरेशी उंची आली की पिवळी मूठ ओढून तार सोडायची आणि तरंगत खाली यायचं. फळ्यावर हे फार सोपं दिसलं होतं. प्रत्यक्षात आधी पट्टीवरच्या म्हशी हाकलाव्या लागत, आणि मग एकेकीचं नाव पुकारलं जाई. माझ्या आधी माझी सिंधी मैत्रीण जाऊन आली. उतरल्यावर केस सारखे करत म्हणाली, "कुछ नहीं होता रे, पोट जरा वर येतं, बस."

मला पुढच्या सीटवर पट्ट्यांनी आवळून बसवलं. शिकवणारे हवाई दलातले साहेब मागे बसले. त्यांचा चेहरा दिसत नव्हता, याचीच मला पहिली भीती वाटली. तार ताणली, गवत मागे धावलं, आणि ग्लायडरचं नाक एकदम आभाळाकडे वळलं. समोर नुसता निळा रंग. जमीन कुठे आहे हे कळेना. आणि तेवढ्यात तो आवाज झाला. टण्णकन! कुणी पोटात हात घालून काहीतरी उपटावं तसा. तार तुटली होती. क्षणभर आम्ही कशालाच बांधलेलो नव्हतो. मग नाक खाली कोसळलं, अंग पट्ट्यांमधून वर उचललं गेलं, आणि काचेत सगळी जमीनच जमीन भरली, वाळलेलं गवत, एक दगड, पुन्हा गवत. मी ओरडलेही नाही. तेवढी हवाच छातीत नव्हती. एक दणका, खरखर, आणि सगळं थांबलं. मागून साहेबांचा शांत आवाज आला, "तार टूटती है कभी-कभी, बेटा. इसीलिए पीछे मैं बैठा हूँ."

मला उतरता येईना. तेवढ्यात कुंपणाच्या तारांतून वाकून, शर्ट फाडून घेत एक माणूस पळत येताना दिसला. बाबा! कंपनीतली पाळी बुडवून, मला न सांगता, ते सकाळपासून कुंपणापलीकडे सायकल धरून उभे होते. माझ्याकडे न बघता त्यांनी आधी साहेबांनाच विचारलं, "साहेब, सही परत घेता येते का?"

"जी हाँ. अभी के अभी," साहेब म्हणाले. "पर एक बार बेटी से भी पूछ लीजिए."

तार जोडायला तासभर लागणार होता. आम्ही गवतात बसलो.

"तुला जायचंय का परत?" बाबांनी विचारलं.

"भीती वाटतेय."

"ते दिसतंय मला. जायचंय का, ते विचारतोय."

मी उलट विचारलं, "तुम्हाला नाही वाटत कधी?"

"कंपनीत टाकीवर चढताना रोज वाटते. पहिल्या दिवसापासून." ते गवताची काडी मोडत राहिले. "पायऱ्या मोजतो आणि चढतो. पण ते पोटासाठी. तुझ्यावर तशी सक्ती नाही. म्हणून तर विचारतोय."

सक्ती नाही, या दोन शब्दांनी मला उठवलं असावं. आमच्या घरात असं आजवर कुणालाच कुणी म्हटलं नव्हतं. "जाते," मी म्हटलं. बाबांनी मान हलवली. सही परत मागायला मात्र ते साहेबांकडे पुन्हा गेले नाहीत.

दुसऱ्यांदा भीती कमी झाली होती, असं लिहायला मला आवडलं असतं. ती दुप्पट होती. आता तिला आवाज माहीत होता. वर गेल्यावर साहेबांनी मूठ ओढली, तार खाड्कन सुटली, आणि यावेळी मी चांगली किंचाळले. त्यानंतर मात्र नुसता वारा. मलंगगड समोर, कारखान्यांची धुराडी काडेपेटीतल्या काड्यांएवढी, मधून जाणारी रेल्वेची रेघ. आणि अगदी खाली, आडव्या टाकलेल्या सायकलीजवळ, एक पांढरा ठिपका.

उतरून धावत गेले तर बाबा जमिनीवरच बसलेले. उठायचा प्रयत्न करून पुन्हा बसले आणि ओशाळं हसले. "थांब जरा. पाय ऐकत नाहीयेत." मी हात दिला. घरापर्यंत आम्ही सायकल हातात धरून चालत आलो.

बाबा तेव्हा चाळिशीत होते. आज मी त्यांच्या त्या वयाच्या थोडी पुढे आले आहे, आणि ते नाहीत. उंचावरून काय काय दिसलं ते आता पुसट होत चाललंय. डोंगराची कड, धुराडी, सगळं एकमेकांत मिसळतं. पण मोठी माणसं घाबरत नाहीत, ही माझी समजूत ज्या गवतात गळून पडली, ते गवत मला काडी न् काडी आठवतं. बाबा 'नको' म्हणू शकत होते. म्हणाले नाहीत, आणि त्या न म्हणण्याची किंमत पायांनी चुकवत तिथे बसून राहिले. माझं उडणं पाच मिनिटांत संपलं. त्यांचं ते बसणं अजून चालू आहे.